दिव्याचा अंतरपाट

सोलापूर शहर आणि पंचक्रोशीतील तमाम नागरिकांना अत्यंत गांभीर्याने कळविण्यात येते की, आपल्या शहराला समुद्रकिनारा नाही. यापूर्वीही नव्हता. नजीकच्या काळात तो मंजूर होण्याची चिन्हे नाहीत. तरी नागरिकांनी सहकार्य करावे.

ही दवंडी रिक्षाला कर्णा बांधून शहरभर फिरवावी असं माझ्या फार मनात आहे. कारण मला भेटणारा प्रत्येक माणूस ही बातमी जणू तोच पहिल्यांदा फोडतोय अशा थाटात मला सांगतो. "दीपगृहांचं शूटिंग करता? पण मॅडम, सोलापुरात समुद्र कुठंय?" हो बाबा, नाही. आमच्याकडे नळालासुद्धा पाणी वार लावून येतं, समुद्र कुठून येणार?

सात रस्त्याजवळ आमचा छोटा स्टुडिओ आहे. नवरा फोटो काढतो, मी व्हिडिओ शूटिंग करते. लग्न, साखरपुडा, बारसं, साठी, वास्तुशांत. कुणाच्या घरात काय चाललंय हे आम्हाला त्या घरातल्या माणसांच्या आधी कळतं, कारण रुसलेली आत्या कॅमेऱ्यात लगेच दिसते. गेली वीसेक वर्षं हेच चाललंय आणि मला ते मनापासून आवडतं. माझ्याइतकं फुकट गोडधोड सोलापुरात दुसऱ्या कुणी खाल्लं नसेल.

दीपगृहाचं खूळ लागलं तेही लग्नामुळेच. मुलगी इथली आणि सासर रत्नागिरीच्या खालच्या अंगाला, म्हणून आम्ही वऱ्हाडाबरोबर कोकणात गेलो होतो. लग्न लागलं, जेवणं झाली, नवरा कार्यालयातल्या गाद्यांवर आडवा झाला. मी पाय मोकळे करायला म्हणून निघाले ती टेकाडावरच्या दीपगृहाशी पोचले. पाहुण्यांना वर सोडायची वेळ होती. मी आपली पैठणी खोचून गोल जिना चढले.

वर काय होतं सांगू? मला वाटलं होतं एक मोठा बल्ब असेल. होतं ते काचेचं कणीस. माणसाच्या उंचीहून मोठं. ज्वारीच्या कणसावर दाणे बसावेत तशा काचेच्या कडा एकावर एक, एकावर एक रचलेल्या, आणि मधोमध एवढासा दिवा. त्या एवढ्याशा दिव्याचा उजेड ही काच गोळा करून समुद्रात पार लांबवर फेकते. मी लग्नात हजार नवऱ्या बघितल्यात, पण अशी नटलेली एकही बघितली नव्हती. वर जो माणूस होता तो सहज म्हणाला, "बघून घ्या. ह्या जुन्या लेन्स आता काढतायत. नवीन दिवे येतायत, डब्याएवढे."

मी खाली आले, नवऱ्याला उठवलं आणि म्हटलं, "कॅमेरा घे."

तेव्हापासून दरवर्षी लग्नसराई उतरली की आम्ही दीपगृह खात्याकडून रीतसर परवानगी काढतो आणि किनाऱ्यावरच्या एखाद्या जुन्या दीपगृहावर जातो. त्याचा दगड, जिना, पितळ, काच, यंत्र, तिथली माणसं, सगळं फोटोत आणि फिल्ममध्ये धरून आणतो. लोक विचारतात, ह्याचा उपयोग काय? मी म्हणते, लग्नाच्या शूटिंगचा काय असतो? जे पुन्हा होणार नाही ते होत असताना धरून ठेवायचं, बस. फरक इतकाच की दीपगृहाची आत्या रुसत नाही.

नवऱ्याला उंचीची भीती वाटते ही यातली किरकोळ अडचण. त्याच्या घरी तेलुगू बोलतात, हातमागावरच्या माणसांचं घर. एरवी तो माझ्याहून झकास मराठी बोलतो. पण शंभरएक पायऱ्या चढून झाल्या आणि जिन्याच्या फटीतून खालची जमीन दिसली की त्याचं मराठी संपतं. मग थेट वरपर्यंत तेलुगू. शेवटच्या लोखंडी शिडीवर तर फक्त आईचा धावा असतो. त्याने आजवर काढलेले दीपगृहांचे सगळे उत्तम फोटो जमिनीवरून काढलेले आहेत, आणि आतले सगळे मी. याला आम्ही बाहेर सांगताना कामाची विभागणी म्हणतो.

तर त्याने खालून काढलेला असाच एक फोटो आम्ही मोठा करून दुकानाच्या दर्शनी काचेत लावला होता. डावीकडे शालूतली एक नवरी, उजवीकडे फेट्यातलं एक जोडपं, मध्ये ताठ पांढरं दीपगृह. एके दिवशी दुपारी एक उंच, काटकुळे म्हातारेबाबा काचेपाशी उभे राहिले. उभेच राहिले. मग आत आले आणि भांडायला आल्यासारखे म्हणाले, "त्या नवरीच्या शेजारी लाइट हाउस लावलंय. नवरदेव हाय का त्यो?"

"शोभतोय की नाही?" मी म्हटलं.

"शोभतोय की. पन त्येचं लगीन माज्याशी झालंय." आणि त्यांनी समोरच्या स्टुलावर बैठक मारली.

बाबा मोहोळ तालुक्यातले. घरी मेंढरं आणि थोडी कोरडवाहू जमीन. तरुणपणी सरकारी नोकरी मिळाली ती दीपगृहावर दिवा राखायची. या माणसाने विहिरीपलीकडे पाणी बघितलं नव्हतं आणि त्याला एकदम अरबी समुद्राच्या काठावर नेऊन ठेवलं. अख्खी नोकरी किनाऱ्यावर काढली, निवृत्त झाल्यावर परत गावी आले. बोलणं मात्र मोहोळचंच राहिलं, समुद्राचं वारं जिभेला काही लागलं नाही. आणि बाबा भिडस्त वगैरे अजिबात नव्हते. माझ्या प्रत्येक फोटोत त्यांनी चूक काढली. त्यातल्या निम्म्या चुका चुका नव्हत्याच, पण ते ऐकून घ्यायच्या मनःस्थितीत नव्हते. एका फोटोतलं दीपगृह त्यांनी ठामपणे दुसरंच ठरवलं आणि पाठीमागे नाव लिहिलेलं दाखवलं तर म्हणाले, "लिवनारा चुकला आसंल."

चहा झाला तेव्हा खरी गोष्ट निघाली. ज्या दीपगृहावर त्यांनी सगळ्यात जास्त वर्षं काढली, तिथली जुनी लेन्स पावसाळ्यानंतर उतरवणार होते. तिथल्या हल्लीच्या माणसाचा फोन आला होता. पेटीत भरून नेणार, कुठल्यातरी संग्रहालयात ठेवणार. फिरणार नाही, पेटणार नाही.

"मग बघायला जायचंय तुम्हाला?" मी विचारलं.

"मी कशाला बगू? माजं डोळं झाकलं तरी दिसतंय." ते स्टुलावर जरा सरकले. "आमच्या मंडळींनी बगितलं न्हाय. येवड्या वर्सांत एकदाबी न्हाय. म्या म्हनलं, चल, गाडी करतो, एकदा बगून यीऊ, मग काय त्ये ऱ्हात न्हाय. तर न्हाय म्हंती. तुमी त्येचं पिच्चर काढा. घरी आनून दावा. तवा तरी बगंल."

मग एकदम खाली बघत म्हणाले, "मी तितं काय करत हुतो, हे तिला ठावंच न्हाय, ताई. तिला वाटतंय मी बसून हुतो."

या वाक्यावर नवरा, जो गिऱ्हाइकापुढे कधी पाघळत नाही, तो म्हणाला, "काढूया."

आता असं आहे, की लग्नाचं शूटिंग घेण्याआधी आम्ही नवरीला भेटून येतो. हा आमचा शिरस्ता. तिला काय आवडतं, कुणाशी वाकडं आहे, कुठल्या बाजूने चांगली दिसते, हे आधी बघावं लागतं. म्हणून एका सकाळी आम्ही मोहोळच्या पुढे त्यांच्या गावी गेलो, बाबांच्या मंडळींना भेटायला.

बाहेर ऊन मी म्हणत होतं आणि घरात मात्र अंधार. दिवसाढवळ्या बल्ब लावलेला. पूर्वेच्या खिडकीला जाडजूड कापडाचा पडदा, जमिनीपर्यंत. मी आत शिरता शिरता उंबऱ्याला ठेचकाळले.

"जपून गं पोरी," आतून आवाज आला. "हितं दिसा दिसत न्हाय. हितलं सगळं उलटं हाय."

मावशी ठेंगण्या, रुंद आणि अजिबात घाई नसलेल्या. त्या शेंगा फोडत बसल्या होत्या. एक शेंग, एक वाक्य, अशी त्यांची बोलायची लय.

"पडदा सरकवू का मावशी, उजेड येईल," मी म्हटलं.

"हात लावू नगंस!" त्या हसल्या. "आमचं म्हातारं अंगावर यील. दिस उगावला की ह्येचा पडदा खाली. आन दिवं लागायच्या टायमाला उगडतंय. सगळ्या जगाचं एक आन ह्येचं एक. गावातली मानसं इचारत्यात, तुमच्यात काय सुतक हाय का वो?"

"ऊन येतंय की!" बाबा ओरडले.

"थंडीत बी येतंय का?"

"थंडीत बी येतंय."

बोलता बोलता बाबा उठून खिडकीशी गेले. पडदा कुठे हललेला नव्हता, तरी त्यांनी तो दोन्ही हातांनी ताणून घेतला, दोन्ही कडा एकमेकींवर चढवल्या आणि खालच्या काठाला हाताच्या पाठीने हलकी चापट मारली. काठ सरळ झाला. मग परत येऊन बसले. मावशींनी माझ्याकडे बघून भुवया उडवल्या, बघितलंस ना, असं.

मी शूटिंगचा विषय काढला. सोबत गाडीतून येता का, असंही सुचवून बघितलं. दीपगृहावर आता बायामाणसं, पोरंबाळं, सगळे जातात, शिडी चढली नाही तरी खालून समुद्र तरी दिसेल.

मावशींनी शेंग फोडली. दाणे सुपात टाकले. टरफल बाजूला टाकलं.

"सवतीच्या घरी जेवायला जायाचं व्हय?"

नवरा हसला. मग ती हसायची गोष्ट नाही हे त्याच्या लक्षात आलं.

"मेंढरं मी राकली," त्या अगदी शांतपणे म्हणाल्या. "पोरं मी वाडवली. सासू-सासऱ्याचं मी केलं. दुष्काळात चारा छावनीवर मी ऱ्हायले. ह्यो वर्साचा एक म्हयना यायचा. आला की झोपायचा. दिसा झोपायचा आन रातचा जागाच. म्या म्हनलं, काय काम करतोस रं बाबा तितं? तर म्हंतो, दिवा लावतो. आता दिवा म्या बी रोज लावते. त्येला किती येळ लागतोय?"

बाबा सुपाबाहेर पडलेली टरफलं गोळा करायला लागले. दुकानात माझ्या फोटोंना धोपटणारा माणूस हाच का, असं मला वाटलं.

"त्या पान्यानं माजा मानूस नेला येवडी वर्सं," मावशी म्हणाल्या, "आता मी त्येचं तोंड बगायला जाऊ? त्येला यायाचं आसंल तर त्यो यील हितं."

निघताना त्यांनी मला शेंगांची चटणी बांधून दिली. आणि दाराशी, बाबांना ऐकू जाणार नाही अशा बेताने, म्हणाल्या, "आन पिच्चर. बगंन मी. न्हाय म्हनत न्हाय. पन मला आवडलं पायजे आसं काय न्हाय बरं का."

इतकी प्रामाणिक नवरी मला आजवर मिळालेली नाही.

पाऊस सुरू व्हायच्या आत आम्ही तिकडे पोचलो. आता मी दीपगृहाचं नाव आणि गाव सांगत बसत नाही. टेकडी, खाली खडक, खडकांवर पाणी. बाबांनी फोनवर आधीच सगळी बडदास्त ठेवायला सांगितलं होतं. तिथला हल्लीचा माणूस नोकरीला लागला तेव्हा बाबांच्या हाताखाली शिकलेला. आता त्याचेही केस पिकलेले. त्याने आम्हाला चहा दिला, चहा संपायच्या आत त्याचा फोन वाजला. बाबा.

"पोचली का मानसं? पितळ पुसलंय का? त्यास्नी म्हनावं काचंला बोट लावू नका!"

दिवसभरात हा फोन इतक्या वेळा आला की शेवटी त्या माणसाने तो स्पीकरवर टाकून शर्टाच्या खिशात ठेवला आणि बाबा आमच्याबरोबर शूटिंगला हजर असल्यासारखेच झाले. नवरा जिन्यात तेलुगूत शिरला तसा फोनमधून आवाज आला, "ह्यो कोन कन्नड बोलतोय?"

मी वर गेले आणि थबकले. दिव्याची खोली चारी बाजूंनी काचेची असते, पण समुद्र दिसत नव्हता. आतल्या बाजूने सगळीकडे जाड कापड ओढलेलं. मधोमध ते कणीस, झाकलेल्या उजेडात गप्प उभं. मला हे दृश्य ओळखीचं होतं, रोजच्या कामातलं होतं. मंगलाष्टकं चालू असताना नवरा-नवरीच्या मध्ये जो अंतरपाट धरतात, त्याच्या मागून दिसणारी नवरी. मी पटकन कॅमेरा लावला.

"हे दिवसभर असंच?" मी विचारलं.

"ठेवावंच लागतं," तो माणूस म्हणाला. "ही काच आतला उजेड बाहेर फेकते ना, तशीच बाहेरचं ऊन आत ओढते. सकाळी पडदा ओढायचा राहिला तर ऊन एका जागी गोळा होतं आणि दिवाच वितळेल, नाहीतर आग लागेल. म्हणून सूर्य वर यायच्या आत पडदा. संध्याकाळी दिवा लावायच्या आधी उघडायचा." तो खिशातल्या फोनकडे बघून हसला. "नोकरीच्या पहिल्या दिवशी काय शिकवलं असेल साहेबांनी, तर हे. दिवा लावायला नंतर शिकलो, पडदा ओढायला आधी."

फोनमधून बाबांचा आवाज आला, "काट सरळ हाय का त्येचा?"

त्या माणसाने जाऊन दोन्ही कडा एकमेकींवर चढवल्या आणि खालच्या काठाला हाताच्या पाठीने हलकी चापट मारली.

मी नवऱ्याकडे बघितलं. तो शिडीच्या शेवटच्या पायरीला मिठी मारून, फक्त डोकं वर काढून उभा होता. त्याने माझ्याकडे बघितलं. मोहोळच्या त्या अंधाऱ्या खोलीतला बल्ब आम्हा दोघांच्याही डोळ्यापुढे एकदमच लागला. मी तोंडावर बोट ठेवलं. फोन चालू होता. बाबांना आपण गावी रोज काय करतो याचा पत्ता असेल असं मला वाटत नव्हतं, आणि तो मी त्यांना फोनवर देणार नव्हते. मुळात ही गोष्ट त्यांना सांगायची नव्हतीच. ती जिला कळायला हवी होती ती शेंगा फोडत बसली होती.

संध्याकाळी पडदे उघडले. एकेक कापड बाजूला झालं तसा एकेक तुकडा समुद्र आत आला. मग यंत्र सुरू झालं. एवढं जड काचेचं कणीस, पण वळताना आवाज केवढा, तर झोपलेल्या माणसाच्या श्वासाएवढा. दिवा लागला. आत उभं राहिलं तर डोळे दिपत नाहीत, कारण सगळा उजेड बाहेर जातो. आपल्याकडे नुसत्या रंगांच्या कडा येतात आणि जातात. बाहेरच्या गच्चीवरून बघितलं तर मात्र उजेडाचे लांबच लांब पट्टे पाण्यावरून संथ फिरत होते, एखाद्याने अंगण झाडावं तसे. मी शूटिंग करत राहिले. नवराही वर आला होता. कठड्यापासून लांब, भिंतीला पाठ लावून, पण आला होता. त्याने तिथून काढलेला एक फोटो, उंचावरून त्याने आयुष्यात काढलेला पहिला फोटो, जरा हललेला आहे. तो आता आमच्या दुकानाच्या दर्शनी काचेत आहे, नवरीच्या शेजारी.

सकाळी सूर्य यायच्या आत तो माणूस वर आला आणि मी त्याला पडदा ओढताना शूट केलं. कॅमेरा एका जागी ठेवला, हलवला नाही. पहिली खिडकी, दुसरी खिडकी, कडा, काठ, चापट. मग पुढची. सगळं, न कापता.

सोलापुरात आल्यावर मी जुळवाजुळव करायला बसले तेव्हा या तुकड्यावरून आमची जुंपली. "फार लांबतंय," नवरा म्हणाला. "माणसं उठून जातील. निदान खाली सनई टाक." मी म्हटलं, सनई नाही, समुद्र पण नाही, नुसता कापडाचा आवाज आणि त्यावर आदल्या दिवशीचं आमचं पडद्याचं बोलणं. सवयीने संगणकाने मात्र आपलं काम केलं होतं. आमचा लग्नाचा ठरलेला साचा त्यात भरलेला असतो, त्यामुळे पहिल्याच झटक्यात दीपगृहावर गुलाबाच्या पाकळ्या पडल्या आणि चौकटीत दोन बदाम आले. खरं सांगते, वाईट दिसत नव्हतं. नवरा तर ठेवू म्हणत होता.

दाखवायचं ठरलं ते बाबांच्या घरापुढच्या अंगणात, दिवेलागणीला. मी आपली चार माणसं असतील असं धरून गेले, तर निम्मी गल्ली जमलेली. लग्नाच्या शूटिंगवाल्या बाई पिक्चर दाखवणार म्हटल्यावर कुणाचं तरी लग्न असणारच, असा सगळ्यांचा समज. नारळ फोडला. मला हळदीकुंकू लावलं. पडद्यासाठी शेजारच्या दादांनी एक जुना फ्लेक्स उलटा करून अंगणाच्या कडेला दोन खांबांना बांधला होता. पाठीमागची बाजू पांढरीस्वच्छ, आयडिया झकास.

बाबा इस्त्रीचा शर्ट घालून एका खुर्चीवर, आणि दर दोन मिनिटांनी उठून मावशी आल्या का बघतायत. मावशी आल्या, सूप घेऊन आल्या आणि पडद्याकडे तोंड न करता, एक खांदा तिकडे करून उंबऱ्यावर शेंगा फोडत बसल्या. सुरू करायचं म्हटलं तेवढ्यात बाबा घरात गेले. आतली पूर्वेची खिडकी उघडल्याचा, पडदा सरकल्याचा आवाज आला. मग बाहेर येऊन बसले. "करा सुरू."

समुद्र आला. अंगणातली पोरं पुढे सरकून बसली. मोहोळच्या त्या कोरड्या अंगणात एवढं पाणी एकदम आल्यावर मागची शेरडं पण माना वर करून बघायला लागली असं मला वाटलं. आणि मग पाण्यात, बरोबर मधोमध, हात जोडलेला एक गलेलठ्ठ माणूस उगवला.

"ह्यो कोन वो तुमच्या दर्यात नमस्कार घालतोय?" मावशींनी विचारलं.

फ्लेक्स कुणा भावी सरपंचाच्या वाढदिवसाचा होता, आणि पलीकडच्या गोठ्यातला दिवा त्यातून आरपार येत होता.

"गोठ्यातला बल्ब घालवा आदी!" बाबा कडाडले. समुद्रावरच्या माणसाचा आवाज तो, वाऱ्याच्या वर चढायची सवय असलेला. बल्ब गेला, सरपंच बुडाले, दीपगृह उरलं.

लोकांना ते सुरुवातीला आवडलं. मग त्यांनी विचारायला सुरुवात केली. "नवरी कुटाय?" "त्या फ्लेक्सवरल्या आमच्या आन्नांचा फोटू परत कवा येनार?" एका आजीबाईंनी "ह्यात मानसंच न्हायती की," म्हणून उठून भाकरी टाकायला जाणं पसंत केलं. काच वळत होती, उजेडाचे पट्टे पाण्यावरून फिरत होते. बाबा पडद्याकडे बघतच नव्हते. ते उंबऱ्याकडे बघत होते. तिकडून एकसारखा आवाज येत होता. कट. कट. कट. मावशींचा खांदा जागचा हलला नव्हता.

मला इतक्या वर्षांत एकदाही पिक्चर दाखवताना घाम फुटला नव्हता, तो तेव्हा फुटला.

मग सकाळचा तुकडा आला. पडद्यावर तो माणूस चढून आला, उगवतीच्या खिडकीपाशी गेला आणि त्याने कापड ओढायला घेतलं. सनई नाही, काही नाही. गल्लीतली माणसं चुळबुळली. माझ्या आवाजात प्रश्न आला, हे दिवसभर असंच का, आणि त्याचं उत्तर आलं: ऊन, काच, आग, पहिल्या दिवशी साहेबांनी शिकवलेलं. नवऱ्याने माझा हात घट्ट धरला. पडद्यावर दोन्ही कडा एकमेकींवर चढल्या. खालच्या काठाला हाताच्या पाठीने चापट बसली. टप्.

शेंगांचा आवाज थांबला.

मावशी वळल्या होत्या. आता पूर्ण तोंड पडद्याकडे. दुसऱ्या खिडकीला कडा, काठ, टप्. त्यांनी घराकडे मान वळवली, उघड्या दारातून आतल्या पूर्वेच्या खिडकीकडे, जिचा पडदा नुकताच बाजूला केला होता. मग परत समोर बघितलं. तिसरी खिडकी. टप्. मग त्यांनी बाबांकडे बघितलं, अगदी वरपासून खालपर्यंत, नव्याने आलेल्या पाहुण्याकडे बघावं तसं. बाबा ताठ बसले होते, इस्त्रीच्या शर्टात, दोन्ही हात मांडीवर.

सूप मांडीवरून घसरलं. दाणे अंगणभर झाले. आणि सगळ्या गल्लीच्या देखत मावशींच्या तोंडातून निघून गेलं:

"अगं बया! म्हंजी ह्यो मानूस अजून ड्यूटीवरच हाय की!"